छाटणीत पैसा, काट्यावर नजर: सोसायटीचा सुका कचरा हाती घेणाऱ्या गटांसाठी

दोन गोण्या. आत माल तोच: पाण्याच्या बाटल्या, शाम्पूचे डबे, दुधाच्या पिशव्या, थोडा पुठ्ठा. एक निवडून आणलेली, दुसरी ‘मिक्स’. मिक्स गोणीला त्यातल्या सगळ्यात हलक्या मालाचा भाव लागतो, वर ओल आणि घाण धरून कटती, म्हणजे वजनातून कपात. निवडलेल्या गोणीतल्या प्रत्येक मालाला त्याचा त्याचा भाव. या गोण्या आणणाऱ्या दोघींनी वेचायला सारखंच वाकायचं, पण पैसे सारखे येत नाहीत.

ठाणे आणि नवी मुंबईत वेचणाऱ्या बायकांच्या कित्येक घरांचं मूळ १९७२ च्या दुष्काळानंतर मराठवाड्यातून आलेल्या लोंढ्यात सापडतं. डंपिंगवर चढायचं, गाडी रिकामी झाली की वेचायचा लोखंडी आकडा चालवायचा, ही त्यांची रोजची रीत. ती आता आटत चालली आहे. कोपरखैरण्याच्या जुन्या डंपिंगवर निसर्ग उद्यान उभं आहे, दिव्यातलं डंपिंग बंद झालं, आणि कॉम्पॅक्टरच्या गाडीतून जो कचरा पुढे जातो तो ओल्यासुक्याचा लगदा होऊन जातो. त्यात पुठ्ठा हातात येत नाही, आलाच तर विकला जात नाही. म्हणून माल घंटागाडीच्या आधी, सोसायटीच्या गेटाच्या आतच हाती घ्यायला हवा. आठ-दहा जणींच्या गटाने हे काम कसं बसवायचं ते पुढे दिलं आहे.

सोसायटीशी बोलणी

सुरुवातीलाच दोन पैसे वेगळे मांडा: कचरा उचलण्या-निवडण्याची मजुरी, आणि माल विकून येणारी रक्कम. कमिटीत कोणीतरी हमखास म्हणतं, ‘माल फुकट देतोय, वर पैसे कशाला?’ उत्तर सोपं आहे. वेफर्सची पाकिटं, थर्माकोल, ओले टिश्यू, डायपर यांना कुणी गिऱ्हाईक नाही. ते निवडून बाजूला काढणं ही निव्वळ मजुरी आहे. शिवाय प्लॅस्टिकचा भाव कच्च्या तेलाच्या मागे पळतो. तेल कोसळलं की नवा दाणा स्वस्त होतो आणि जुन्या प्लॅस्टिकला कोणी विचारत नाही. नुसत्या विक्रीवर घर चालवायला घेतलेला गट अशा दोन महिन्यांत मोडतो. घरामागे महिन्याला ठरावीक रक्कम लिहून घ्या, विक्री वेगळी.

दुसरी गाठ वॉचमन आणि हाउसकीपिंगवाल्यांची. तुम्ही येण्याच्या कितीतरी आधीपासून पुठ्ठा, रद्दी आणि बाटल्या ते बाजूला काढून विकत असतात, आणि त्यांच्या तुटपुंज्या पगारात तो चहापाण्याचा आधार असतो. हे न बोलता काम सुरू केलं तर पहिल्याच आठवड्यात मलई त्यांच्याकडे आणि पाकिटं तुमच्याकडे. भांडून उपयोग नाही. कमिटीच्या देखत ठरवा: एकतर सगळा सुका माल तुमच्या निवडण्याच्या शेडमध्ये येईल आणि विक्रीतला ठरलेला हिस्सा त्यांना मिळेल, किंवा रद्दी त्यांची, बाकी सगळं तुमचं. दुसरी वाटणी सहसा जास्त टिकते, कारण तिच्यात रोज हिशेब करावा लागत नाही.

मग हे सगळं एका कागदावर घ्या, नाहीतर बोलाचीच कढी नि बोलाचाच भात. त्यात कचरा देण्याची वेळ, शेडची जागा आणि किल्ली कुणाकडे, दिवा, नळ, संडास वापरण्याची मुभा, उरलेला निरुपयोगी कचरा पालिकेच्या गाडीत कोण टाकणार, आणि कमिटी बदलली तरी हा करार चालू राहील हे वाक्य असलं पाहिजे. संडासाचा मुद्दा लाजून सोडू नका. पाच तासांच्या कामात पाणी न पिता राहिलेल्या बाईला लघवीची जळजळ होते आणि ते दुखणं मग वर्षभर पुरतं.

कमिटी कां कूं करत असेल तर सध्या लागू असलेले घनकचरा व्यवस्थापन नियम दाखवा. कचरा घरातच वेगळा करून देण्याचं काम त्यांनी रहिवाशांवर टाकलं, आणि कचरावेचकांना या व्यवस्थेत सामावून घेण्याचं पालिकांवर. पत्राची एक प्रत पालिकेत देऊन पोच घ्या: ठाण्यात प्रभाग समितीच्या कार्यालयात, नवी मुंबईत विभाग कार्यालयात. पहिल्यांदाच गट बांधत असाल तर स्त्री मुक्ती संघटनेसारख्या, या भागात कचरावेचक बायकांबरोबर वर्षानुवर्षं काम केलेल्या संस्थेकडून करारपत्राचा नमुना मागा.

जागा आणि हत्यारं

दोनशे घरांच्या सोसायटीत घरामागे रोज ३०० ते ४०० ग्रॅम सुका कचरा धरला तर दिवसाला ६० ते ८० किलो होतो. हा अंदाज झाला. पहिले आठ दिवस स्वतः वजन करा आणि त्यावरच माणसं ठरवा. एवढ्या मालाला किमान दीडशे चौरस फूट जागा लागते, वर पत्रा, दोन बाजूंनी वारा. बेसमेंटचा कोपरा कमिटी आनंदाने देते. तो घेऊ नका. तिथे धूळ बसत नाही, तरंगत राहते, आणि पावसाळ्यात पहिलं पाणी तिथेच शिरतं.

निवडायला टेबल हवं, कंबरेइतकं म्हणजे अडीच ते पावणेतीन फूट उंच. टेबलावर फळीऐवजी अर्ध्या इंचाच्या जाळीची चौकट बसवली तर माती, काचेचे चुरे आणि उरलंसुरलं खरकटं खाली घमेल्यात पडतं आणि वर हाताला माल स्वच्छ लागतो. ही जाळी हजार-दोन हजारांची आणि ती सगळ्यात आधी घ्यावी. मग एक ताणकाटा, जुन्या स्पीकरमधलं चुंबक, कानस, पाण्याची बादली, मार्कर, आणि धान्याच्या जुन्या प्लॅस्टिक गोण्या. गोण्यांची नावं आधी लिहून ठेवा. निवडताना ‘हे कुठे टाकू’ विचारण्यात निम्मा वेळ जातो.

छाटणी

प्लॅस्टिक ओळखणं हे या धंद्यातलं खरं शिक्षण. बाटलीच्या तळावर त्रिकोणात आकडा असतो, पण तो झिजतो, लेबलाखाली जातो किंवा नसतोच. त्याऐवजी बूड बघा. तळाच्या मधोमध टाचणीच्या डोक्याएवढा टिंब उठलेला असेल तर ती पेट, म्हणजे आपली ‘बिसलेरी’, मग ब्रँड कुठलाही असो. तळावर आडवी शिवण असेल तर ती पेट नव्हे. फिनाइल, शाम्पू, इंजिन ऑइलचे दुधट किंवा रंगीत डबे असेच शिवणीचे असतात. बाजारात त्यांना ‘फुगा’ म्हणतात. आरपार दिसणारी पण शिवणीची बाटली आली, तर ती पीव्हीसी असण्याची दाट शक्यता. ती बाजूला.

याचं कारण कारखान्यात आहे. पेट वितळवायला अडीचशे अंशांच्या वर उष्णता लागते. तेवढ्यात पीव्हीसी जळून काळी पडते, आम्ल सोडते आणि सगळा घाणा पिवळट, ठिपक्यांचा करून टाकते. त्यामुळे गोणीत चार पीव्हीसीच्या बाटल्या दिसल्या तर मोठा व्यापारी सगळ्या गोणीचा भाव पाडतो. त्याच्या जागी तुम्हीही तेच कराल.

शंका असेल तिथे पाणी. नखाएवढा तुकडा कापा, बादलीत चिमूटभर साबण घालून पाणी ढवळा आणि तुकडा बोटाने आत दाबून, त्याला चिकटलेले बुडबुडे झटकून सोडा. साबण नसेल तर बुडणारा तुकडाही पाण्याच्या सायीवर तरंगत राहतो आणि फसवतो. वर आला तर पिशवीचा एलडी, फुगा किंवा पीपी, म्हणजे पॉलिप्रॉपिलीन. तळाला गेला तर पेट, पीव्हीसी किंवा कडक. कडक म्हणजे सीडीचं कव्हर, आइस्क्रीमचा पारदर्शक कप: दाबला की काचेसारखा कडकन तुटतो. भंगारचे दुकानदार लायटरने जाळून वासावर जात सांगतात. त्यांचं त्यांच्यापाशी, रोज तो धूर छातीत घेण्याचं तुम्हाला कारण नाही.

बाटलीचं झाकण काढा. झाकण आणि त्याखालचं कडं तरंगणाऱ्या जातीचं, बाटली बुडणाऱ्या जातीची, म्हणून झाकणांची वेगळी गोणी. झाकण काढल्याशिवाय बाटली चेपतही नाही. न चेपलेल्या बाटल्यांची मोठी गोणी दोन-तीन किलोतच टम्म फुगते. पिळून चेपल्या तर तीत दुपटीहून जास्त बसतात, आणि टेम्पोवाला भाडं किलोवर नाही, जागेवर घेतो.

दुधाच्या पिशवीकडे थोडं थांबू, कारण बहुतेक गट ती सोडून देतात. अर्धा लिटरची रिकामी पिशवी साधारण ३ ग्रॅमची, म्हणजे किलोला तीनशेच्या आसपास. दोनशे घरांत रोज दोन-दोन पिशव्या धरल्या तर महिन्याला ३५ किलोच्या वर एकजिनसी, जाड, ताणली जाणारी एलडी मिळते, आणि पिशव्यांमध्ये ती वरच्या भावाची. अट एकच: धुतलेली. न धुतलेली दुसऱ्या दिवशी आंबते, माशा आणते, आणि एक आंबट पिशवी गोणीभर वास लावते. घराघरांत एवढंच सांगा: कोपरा पूर्ण कापून टाकू नका, कापलेला तुकडा पिशवीलाच राहू द्या, एकदा विसळा, सिंकच्या नळावर वाळत टाका. तो बोटाच्या पेराएवढा तुकडा वेगळा पडला की जाळीतून खाली जातो आणि कोणाच्याच हाती लागत नाही.

बाजारातली करकर वाजणारी पातळ पिशवी एलडीत घालू नका, ती ‘एचएम’. तिचा भाव वेगळा. आतून चंदेरी असलेली सगळी पाकिटं, मग ती वेफर्सची असोत, बिस्किटांची की गुटख्याची, अनेक थर चिकटवलेली असतात. ते थर सुटत नाहीत, म्हणून भंगारात ती चालत नाहीत; फार तर सिमेंटच्या भट्टीत जळण म्हणून जातात. ती मोजून, गोणीत बांधून पालिकेच्या गाडीला द्या आणि वहीत मांडा. मजुरी मागताना हाच आकडा कामाला येतो.

कागदात पांढरा छापील-कोरा कागद सगळ्यात वर, मग वर्तमानपत्र, मग पुठ्ठा, आणि खाली साबण-पेस्टच्या खोक्यांचा आतून करडा डुप्लेक्स. वह्यांची पुठ्ठ्याची पानं फाडली तर आतला माल पांढऱ्यात जातो. शाळा सुटल्यावर एप्रिल-मे महिन्यात हे काम बसून करण्यासारखं आहे. पिझ्झाच्या खोक्याचं झाकण बहुधा कोरडं असतं, ते फाडून घ्या, तेलकट बूड टाका. कागदी कप आणि प्लेट रद्दीत नाही, त्यांना आतून प्लॅस्टिकचा पापुद्रा असतो. बिलं आणि एटीएमच्या चिठ्ठ्याही नाहीत. नखाने ओरखडा मारल्यावर काळी रेघ उठली की समजा तो रसायन लावलेला कागद आहे.

धातूला चुंबक लावा. चिकटलं तर लोखंड किंवा पत्रा. न चिकटणाऱ्यात पैसा असतो: जर्मन म्हणजे ॲल्युमिनियम, पितळ, तांबं, स्टील. थंड पेयाचा जर्मनचा डबा १४-१५ ग्रॅमचा, किलोला साधारण सत्तर. चकचकीत नळ आला तर कानशीने कोपऱ्यावर एक ओरखडा काढा. आत पिवळं निघालं तर पितळ, करडं निघालं तर जस्ताचा हलका माल. हा एक ओरखडा न काढता नळ ‘मिक्स भंगार’मध्ये देणं म्हणजे दुकानदाराला दिवाळी. वायर जाळू नका. धूर विषारी तर आहेच, पण जळून काळं पडलेलं तांबं कमी भावात जातं. जाड वायर चाकूने उभी चिरून सोला, बारीक असेल तशीच विका.

काटा

माल निवडला, आता मापात पाप. काटा तपासायला यंत्र लागत नाही. वीस लिटरचा पाण्याचा जार घासून, भरून न्या: पाणी साधारण २० किलो, वर जाराचं वजन, जे घरी रिकामा असताना मोजून झाकणावर लिहून ठेवायचं. दुकानात तो आधी चढवा. पाव किलोचा फरक समजू शकतो, किलोचा नाही. सपाट इलेक्ट्रॉनिक काट्यावर तोच जार चारही कोपऱ्यांवर ठेवून बघा. एका कोपऱ्यात कमी दाखवत असेल तर तुमची गोणी नेमकी त्याच कोपऱ्यात ठेवली जाते. आकडा चढण्याआधी शून्य दिसतंय का, गोणी भिंतीला किंवा कोणाच्या गुडघ्याला टेकली आहे का, हे बघायला एक बाई फक्त काट्यापाशी उभी करा. काट्यावर वैधमापन विभागाचा शिक्का असतो. इलेक्ट्रॉनिक काट्याचा दरवर्षी नवा व्हायला हवा.

सगळ्यात मोठी गळती गोणीच्या कटतीत आहे. तागाची गोणी पाऊण ते एक किलो भरते, म्हणून गोणीमागे किलो कापायची जुनी चाल. तुमची प्लॅस्टिकची गोणी शंभर ग्रॅमच्या आसपास असते. दहा गोण्या विकल्या तर जवळजवळ नऊ किलो माल फुकट गेला. रिकामी गोणी काट्यावर ठेवा आणि तेवढंच कापा म्हणून सांगा. ओलीची कटती मात्र वजन करण्याआधी ठरवून घ्या, नंतर नाही.

दर आठवड्याला तीन ठिकाणचे भाव विचारा: वस्तीतलं दुकान, तुर्भे किंवा वागळे इस्टेटच्या बाजूचा मोठा दुकानदार, आणि शीळ-डायघर-कौसा पट्ट्यातलं एखादं गोदाम. गोदामाचा भाव वरचा असतो, पण तो एकाच जातीचा भरपूर माल मागतो. पेट आणि पुठ्ठा साठवून तिकडे, किरकोळ जवळ, हे गणित बहुधा बसतं. टेम्पोचं भाडं वजा करूनच तुलना करा. आणि उचल घेऊ नका. लग्नाला, दवाखान्याला दुकानदार हसतहसत पाच-दहा हजार देतो, व्याज मागत नाही. तो ते किलोमागे दोन रुपये कमी देऊन घेतो आणि फेडून झाल्यावरही घेतच राहतो. गटाची स्वतःची बचत महिन्याला शंभर-दोनशे रुपयांनी सुरू झाली तरी ही बेडी सुटते.

पाऊस आणि सण

जून ते सप्टेंबर कागद साठवायचा नाही, दोन-तीन दिवसांत काढायचा. ओला पुठ्ठा वजनाला भरतो म्हणून खूश होऊ नका. दुकानदार अंदाजाने कापतो आणि त्याचा अंदाज नेहमी त्याच्या बाजूने चुकतो. माल जमिनीपासून विटांवर फळ्या टाकून सहा इंच वर ठेवा. दसरा-दिवाळीच्या साफसफाईत माल दुपटीने येतो, सगळीकडेच येतो, आणि भाव उतरतो. लोखंड, पितळ, जर्मन सडत नाही. जागा असेल तर ते दिवाळीनंतर काढा.

हात सांभाळा

हातमोजे सुती नकोत, तळव्याला रबरी नायट्राइलचा लेप असलेले घ्या. ते काचेचे बारीक ओरखडे अडवतात, सुई अडवत नाहीत. म्हणून गोणीत हात खुपसायचा नाही, टेबलावर ओतायची आणि आकड्याने पसरायची. इन्सुलिन घेणाऱ्या घरांना सांगा की सुया झाकणाच्या जाड डब्यात जमवा आणि डब्यावर लिहा. पॅड-डायपर कागदात गुंडाळून वर लाल ठिपका काढण्याची पद्धत पुण्यातल्या कचरावेचकांनी रुजवली, ती इथेही चालते.

सुई टोचलीच तर जखम दाबून रक्त काढत बसू नका, तोंडात धरू नका. वाहत्या पाण्याखाली साबणाने धुवा आणि लगेच सरकारी किंवा पालिका रुग्णालयाच्या तातडीच्या विभागात जा. कळव्याचं छत्रपती शिवाजी महाराज रुग्णालय किंवा वाशीचं पालिका रुग्णालय. एचआयव्ही रोखणारं औषध दोन तासांत मिळालं तर उत्तम, ७२ तासांनंतर त्याचा उपयोग नाही. धनुर्वाताची लस आणि काविळीच्या ‘बी’ प्रकाराची तीन डोसांची लस काम सुरू करतानाच घेऊन ठेवा. पावसात साचलेल्या पाण्यातून काम केल्यावर ताप आला तर डॉक्टरांना कामाचं स्वरूप आधी सांगा, लेप्टोची, म्हणजे उंदरांमुळे पसरणाऱ्या तापाची, शंका त्यांना त्यावरूनच येते.

मोबाइलची फुगलेली बॅटरी गोणीत टाकली आणि गोणी चेपली की आग. ती वाळूच्या डब्यात, वेगळी. ट्यूबलाइट फोडायची नाही, आत पारा असतो.

कागदपत्रं

प्रत्येक विक्रीची चिठ्ठी घ्या: तारीख, मालाची जात, वजन, कटती, भाव, रक्कम. दुकानदार देत नसेल तर तुम्हीच वहीत लिहून त्याची सही घ्या. गटाच्या हिशेबापलीकडेही ती लागते. तांबं-पितळ घेऊन जाताना पोलिसांनी अडवलं तर माल कुठून आला हे सोसायटीचं पत्र आणि ही वही सांगते. गटाराची झाकणं, केबल आणि रुळांवरच्या क्लिपा-पट्ट्या कोणी फुकट दिल्या तरी घ्यायच्या नाहीत; १९६६ च्या कायद्यानुसार रेल्वेची वस्तू ज्याच्याकडे सापडते, ती रीतसर आली हे त्यानेच सिद्ध करायचं असतं.

पालिकेच्या ओळखपत्रासाठी आधार, दोन फोटो आणि कामाचा पुरावा म्हणून हीच पत्रं जोडा. सफाई कामगारांसाठीच्या केंद्राच्या ‘नमस्ते’ योजनेत २०२४ पासून कचरावेचकही आले आहेत. तिथे नोंद झाली की सुरक्षा साहित्य आणि आयुष्मानचं आरोग्य कार्ड यांचा मार्ग उघडतो. शाळेतल्या मुलांसाठी सफाई आणि आरोग्यास धोक्याच्या कामांत असलेल्या पालकांच्या पाल्यांची मॅट्रिकपूर्व शिष्यवृत्ती आहे. तिला जातीची अट नाही, ही गोष्ट कित्येक शाळांच्या कारकुनांनाच ठाऊक नसते, त्यामुळे ‘जातीचा दाखला आणा’ म्हणून परत पाठवलं तर मुख्याध्यापकांकडे जा. जूनमध्ये शाळा उघडली की पहिल्या आठवड्यातच अर्ज मागा, आणि सगळ्या कागदांच्या झेरॉक्स एका जाड पिशवीत, शेडमध्ये नाही, घरी ठेवा.